सामाजिक सुरक्षितता आणि न सापडणारा मालक : कोल्हापूर परिसरातील श्रमाच्या संदर्भात एक चिकित्सा

प्रस्तावना

पदवी व पदव्युत्तर वर्गांत ‘सामाजिक सुरक्षितता’ हा घटक शिकविताना त्याचा इतिहास बहुधा एका ठरावीक क्रमाने सांगितला जातो. जर्मनीत बिस्मार्कने १८८३ साली आजारविम्याचा कायदा केला, इंग्लंडमध्ये १९११ चा राष्ट्रीय विमा कायदा आला, अमेरिकेत १९३५ साली रूझवेल्ट यांच्या कारकिर्दीत सामाजिक सुरक्षा कायदा संमत झाला, १९४२ मध्ये बेव्हरिज यांचा अहवाल प्रसिद्ध झाला. त्यानंतर भारतात १९४८ चा राज्य कामगार विमा कायदा आणि १९५२ चा भविष्यनिर्वाह निधी कायदा यांचा उल्लेख होतो. शेवटी ‘भारतातील असंघटित क्षेत्र अद्याप या कक्षेबाहेर आहे’ असे एक वाक्य जोडले की घटक संपतो.

या वाक्यातील ‘अद्याप’ हा शब्द तपासून पाहण्याजोगा आहे. सर्व देश एकाच वाटेने चालले आहेत, कोणी पुढे आहे, कोणी मागे आहे आणि मागे असलेला आज ना उद्या पोहोचेल, असे तो सुचवितो. प्रत्यक्षात वरील सर्व कायदे एका गृहीतकावर उभे आहेत. कामगाराला एक निश्चित मालक असतो आणि वर्गणीचा एक हिस्सा त्याच्याकडून वसूल करता येतो, हे ते गृहीतक होय. जेथे मालक एक नाही, किंवा आहे पण सापडत नाही, तेथे हे प्रतिमान कितीही वर्षे थांबले तरी लागू पडणार नाही. महाराष्ट्राने १९६९ साली या अडचणीवर एक स्वतंत्र उत्तर शोधले होते. त्या उत्तराची नोंद अभ्यासक्रमात क्वचितच आढळते. अधिक गंभीर बाब अशी की, त्यानंतरच्या काही महत्त्वाच्या कायद्यांनाही त्याचा विसर पडला आहे. प्रस्तुत लेखात कोल्हापूर परिसरातील काही व्यवसायांच्या आधारे याच विसराची चिकित्सा करावयाची आहे.

तिकीट कोणी चिकटवायचे?

बिस्मार्कचा हेतू उदात्त नव्हता, हे सर्वज्ञात आहे. १८७८ साली समाजवाद्यांविरुद्ध कायदा करणाऱ्याच राजवटीने १८८३ मध्ये आजारविमा, १८८४ मध्ये अपघातविमा आणि १८८९ मध्ये वृद्धत्व व अपंगत्व विमा आणला. आजारविम्याच्या वर्गणीत कामगाराचा वाटा दोन तृतीयांश आणि मालकाचा एक तृतीयांश होता. वृद्धत्वाचे निवृत्तिवेतन सत्तराव्या वर्षी मिळत असे. तेवढे आयुष्य लाभणारे कामगार त्या काळी थोडेच असत, ही टीका तेव्हापासूनची आहे. तथापि हेतूपेक्षा या योजनेची यंत्रणा अधिक बोलकी आहे. कामगाराचे एक कार्ड असे आणि त्यावर वर्गणीची तिकिटे चिकटवली जात. हे तिकीट विकत घेऊन चिकटविणारा कोणी तरी असला पाहिजे, यावर सारी रचना उभी होती.

इंग्लंडने १९११ मध्ये हीच पद्धत स्वीकारली. त्या कायद्यानुसार पुरुष कामगाराने आठवड्याला चार पेनी, मालकाने तीन पेनी आणि शासनाने दोन पेनी अशी विभागणी होती. घरकाम करणाऱ्या नोकरांचाही त्यात समावेश होता, हे विशेष. परिणामी, मोलकरणींच्या कार्डांवर तिकिटे चिकटविण्याची सक्ती आम्ही सोसणार नाही, असे म्हणत प्रतिष्ठित घरांतील मालकिणींनी त्याच वर्षी लंडनच्या अल्बर्ट हॉलमध्ये निषेधसभा भरविली. सभा गाजली, परंतु कायदा मागे घेतला गेला नाही. अमेरिकेने मात्र १९३५ मध्ये सोपा मार्ग पत्करला. शेतमजूर आणि घरकामगार या दोन्ही वर्गांना कायद्यातून वगळले गेले. वसुलीची अडचण हे कारण पुढे करण्यात आले. पण वगळलेल्यांमध्ये कृष्णवर्णीय श्रमिकांचे प्रमाण फार मोठे होते, याकडे तेथील अभ्यासकांनी नंतर लक्ष वेधले. १९५० आणि १९५४ च्या दुरुस्त्यांनंतर हे वर्ग टप्प्याटप्प्याने कायद्याच्या कक्षेत आले.

ब्राझीलचे उदाहरण आपल्या पाठ्यक्रमांत फारसे येत नाही. तेथे १९७१ मध्ये ग्रामीण श्रमिकांसाठी जी योजना आली, तिचा एक आर्थिक आधार शेतमालाच्या विक्रीवरील अंशदान हा होता. शेतमजुराचा मालक शोधत बसण्याऐवजी त्याच्या श्रमातून निर्माण झालेला माल जेथे विकला जातो तेथेच वसुली करायची, हे त्यामागील तत्त्व. हे तत्त्व महाराष्ट्राला तेव्हा नवे नव्हते.

मुंबई प्रांतापासून अदारकरांपर्यंत

खर्च कोणी सोसायचा हा प्रश्न मुंबई प्रांताच्या कायदेमंडळात १९२८ सालीच उपस्थित झाला होता. प्रसूती लाभ विधेयकावर बोलताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दोन गोष्टी एकत्र मांडल्या. मातृत्वाच्या विश्रांतीत साऱ्या राष्ट्राचे हित असल्याने खर्चाचा मोठा भार शासनाने उचलावयास हवा, ही पहिली. मात्र तोवर, ज्या मालकाला स्त्रीच्या श्रमाचा लाभ होतो त्याला या जबाबदारीतून मोकळे करता येणार नाही, ही दुसरी. १९२९ मध्ये हा कायदा झाला. शासनाचा वाटा आणि लाभ घेणाऱ्याचा वाटा यांतील हा फरक पुढील विवेचनातही उपयोगी पडणारा आहे.

प्रा. बी. पी. अदारकर यांनी १९४४ मध्ये सादर केलेला आरोग्यविम्याचा अहवाल कारखान्यांतील कामगारांपुरता होता. १९४८ च्या कायद्याचा पाया तोच. उद्योगीकरण वाढेल तसतसे कारखान्याबाहेरचे कामगार आत येतील, अशी त्या पिढीची धारणा होती. ती खोटी ठरली, याचा दोष अदारकरांना देणे अन्यायाचे होईल.

१९६९ : श्रमाला जोडलेली सुरक्षितता

मुंबईच्या बाजारपेठांतील हमालाची स्थिती या धारणेला छेद देणारी होती. सकाळी एका पेढीवर, दुपारी दुसऱ्या, संध्याकाळी मालमोटारीवर असे काम करणारा हमाल नेमका कोणाचा नोकर? कोणताही व्यापारी त्याला आपला म्हणत नसे. टोळीचा मुकादम मजुरी वाटून देई. पाठीचा कणा झिजला की गावी परत जाणे एवढेच त्याचे निवृत्तिवेतन. अण्णासाहेब पाटील यांच्या नेतृत्वाखालील माथाडी चळवळीने हा प्रश्न ऐरणीवर आणला. पुण्यात डॉ. बाबा आढाव यांची हमाल पंचायत १९५५ पासून याच प्रश्नावर उभी होती. त्यातून ‘महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार (नोकरीचे नियमन व कल्याण) अधिनियम, १९६९’ अस्तित्वात आला.

या कायद्याने मालक शोधण्याचा नादच सोडला. व्यवसायनिहाय मंडळ स्थापन करायचे, त्यात मालक, कामगार व शासन या तिघांचे प्रतिनिधी असावयाचे. ज्याला माल उचलून हवा आहे त्याने मंडळाकडे नोंदणी करायची आणि मजुरी हमालाच्या हातात न देता मंडळाकडे भरायची. मजुरीबरोबरच तिच्या ठरावीक टक्केवारीची ‘लेव्ही’ही भरायची. भविष्यनिर्वाह निधी, उपदान, बोनस, रजेचे वेतन आणि वैद्यकीय साहाय्य यांचा खर्च मंडळ या लेव्हीतून भागविते. दिवसभरात हमालाने दहा पेढ्यांवर पोती उचलली तरी दहाही पेढ्यांचे अंशदान त्याच्या एकाच खात्यात जमा होते. सुरक्षितता नोकरीला न जोडता श्रमाला जोडली गेली. १९८१ मध्ये खासगी सुरक्षारक्षकांसाठी महाराष्ट्राने हीच रचना वापरली, आणि केरळनेही १९७८ मध्ये ओझी वाहणाऱ्या कामगारांसाठी अशाच स्वरूपाचा कायदा केला.

या मंडळांचे गुणगान करण्याचे कारण नाही. लेव्ही चुकविण्यासाठी कामगारांची नोंदच न करणे, नोंदणी झालेल्यांनी नव्यांना दार बंद करणे, संघटनेच्या नावाखाली खंडणी मागणे, हे सारे प्रकार घडले आहेत आणि त्यांवर विधिमंडळातही चर्चा झाली आहे. बाजार आवारात धान्य झाडणाऱ्या-निवडणाऱ्या स्त्रियांना हमालांइतके संरक्षण मिळाले नाही, हा आक्षेप तर अधिक मूलगामी आहे. तरीही हे दोष अंमलबजावणीचे व सदस्यत्वाचे आहेत. वसुली कोठे करावी, या प्रश्नाचे १९६९ चे उत्तर त्यांमुळे चुकीचे ठरत नाही.

कोल्हापूर परिसरातील चार व्यवसाय

कोल्हापूरच्या शाहू मार्केट यार्डातील गुळाचा व्यवहार पाहिला तर हे उत्तर इतके सुलभ का होते हे कळते. गुळाच्या रव्यांचा सौदा झाला की अडत्या शेतकऱ्याला पट्टी देतो. हमाली, तोलाई, अडत यांचे हिशेब त्या पट्टीवरच मांडलेले असतात. श्रमाचे मोल आधीच कागदावर आलेले असते. त्यावर लेव्ही आकारणे एवढेच उरते. मात्र हाच गूळ ज्या गुऱ्हाळघरात तयार होतो तेथील गुळव्या किंवा चुलवाणात जाळ घालणारा मजूर या पट्टीवर कोठेच नसतो. एकाच रव्यामागे घाम गाळणाऱ्या दोघांपैकी यार्डातल्याला कायदा आहे, शिवारातल्याला नाही.

उसाच्या बाबतीत वसुलीची जागा आणखी स्पष्ट आहे. हंगामात बीड, अहिल्यानगर आदी जिल्ह्यांतून तोडणी कामगारांच्या टोळ्या कोल्हापूर जिल्ह्यात उतरतात. कारखाना वाहतूकदाराशी करार करतो, वाहतूकदार मुकादमाला उचल देतो आणि मुकादम जोडप्यांना. या साखळीत प्रत्येकजण मागच्याकडे बोट दाखवितो. परंतु ऊस अखेर कारखान्याच्या वजनकाट्यावर येतोच. तोडणी-वाहतुकीचा खर्च टनावर काढला जातो व ऊस उत्पादकाच्या बिलातून वळता होतो. ही नोंद असताना तोडणी कामगारासाठी टनावर अंशदान आकारण्यास पन्नास वर्षे का लागावीत? लोकनेते गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी कारखान्यांकडून प्रतिटन १० रुपये आणि तेवढीच रक्कम शासनाकडून, असा निर्णय २०२२ मध्ये झाला. उशिरा का होईना, माथाडी कायद्यातील तत्त्व उसाच्या फडापर्यंत पोहोचले.

पण येथे एक वेगळीच गाठ आहे. फडात पती-पत्नी मिळून एक ‘कोयता’ मानला जातो. उचल कोयत्याला, हिशेब कोयत्याचा. त्यामुळे स्त्रीचे स्वतंत्र श्रम, स्वतंत्र मजुरी आणि म्हणून स्वतंत्र हक्क कागदावर उमटतच नाहीत. एक दिवस काम चुकले तर ‘खाडा’ धरून पैसे कापले जातात. मासिक पाळी किंवा बाळंतपण यांना त्यात सूट नाही. बीड जिल्ह्यातील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचे प्रमाण २०१९ मध्ये चर्चेत आले. शासनाने डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. त्या चर्चेत रुग्णालयांवर योग्यच टीका झाली. मात्र आजारपणाच्या रजेची तरतूद नसणे आणि स्त्रीला कामगार म्हणून स्वतंत्र खाते नसणे ही त्या शस्त्रक्रियांमागची श्रमिक बाजू तुलनेने दुर्लक्षित राहिली. महामंडळाने कोयत्याची नोंद करायची की दोन कामगारांची, यावर त्या निधीचा अर्थ अवलंबून आहे.

इचलकरंजीतील यंत्रमागांवर मालक दिसतो, पण तो नेमका कोण हे सांगता येत नाही. सुताचा व्यापारी सूत देतो, ‘खर्चीवाला’ यंत्रमागधारक ते मजुरीवर विणून देतो, आणि त्याच्याकडे यंत्रमाग कामगार, कांडीवाला, जॉबर, वहिफणी कामगार व दिवाणजी राबतात. भविष्यनिर्वाह निधी कायद्याला २० कामगारांची आणि राज्य कामगार विमा कायद्याला १० कामगारांची अट. एकाच शेडमधील माग कुटुंबातील निरनिराळ्या नावांवर दाखविले की दोन्ही अटी चुकतात. खर्चीवाल्याचा युक्तिवादही अगदीच निराधार नाही. कापडाचा भाव त्याच्या हातात नसतो. म्हणूनच स्वतंत्र कल्याणकारी मंडळाची तेथील कामगार संघटनांची जुनी मागणी सुताच्या किंवा कापडाच्या व्यवहारावरील आकारणीसह मांडली गेली तरच तिला अर्थ आहे. कामगारांची संख्या मोजणारा कायदा तेथे हरणारच.

चौथा व्यवसाय घरकामाचा. ‘महाराष्ट्र घरेलू कामगार कल्याण मंडळ अधिनियम, २००८’ या कायद्याने घरकामगाराला ओळख दिली, हे मान्य केले पाहिजे. ५५ वर्षे पूर्ण केलेल्या नोंदीत कामगाराला १०,००० रुपयांचे सन्मानधन ही त्याखालील सर्वाधिक परिचित योजना. परंतु आयुष्यभर चार घरची धुणीभांडी केलेल्या बाईला एकरकमी दहा हजार ही सुरक्षितता नसून निरोपाची भेट आहे. मूळ प्रश्न असा की, ज्या घरांत ती राबली त्या घरांवर या कायद्याने निश्चित अंशदानाची कोणतीही जबाबदारी टाकलेली नाही. शासनाने द्यावे, तिने नोंदणी करावी, आणि मालकिणीने काहीच करू नये, अशी ही रचना आहे. १९११ च्या लंडनमधील मालकिणींना जे सभा भरवूनही साधले नाही, ते येथे सभेवाचून साधले आहे.

नोंदणीचा भ्रम

घरेलू कामगार मंडळातील ही उणीव एकाकी नाही. असंघटित क्षेत्रासाठी नेमलेल्या अर्जुन सेनगुप्ता आयोगाने २००६ मध्ये कामगार, मालक आणि शासन यांच्या अंशदानातून किमान सुरक्षिततेचा निधी उभारावा, मालक निश्चित करता येत नसेल तेथे त्याचा वाटा शासनाने उचलावा, असे सुचविले होते. २००८ च्या केंद्रीय असंघटित कामगार सामाजिक सुरक्षा कायद्याने त्यातील निधी वगळला आणि चालू योजनांची यादी परिशिष्टात जोडली. २०२१ च्या ऑगस्टमध्ये सुरू झालेल्या ई-श्रम संकेतस्थळावर ३० कोटींहून अधिक श्रमिकांची नोंद झाली. ही मोठीच कामगिरी आहे. पण नोंद हे खाते नव्हे. त्यात कोणी काही भरत नाही.

याउलट ज्या कायद्यांत वसुलीची जागा ठरलेली होती, त्यांची गत पाहण्यासारखी आहे. विडी कामगारांसाठी १९७६ च्या कायद्यांनी विडीच्या उत्पादनावर उपकर बसविला होता. कोल्हापूरला लागून असलेल्या निपाणीसारख्या मराठीभाषक सीमाभागातील विडी वळणाऱ्या स्त्रियांसाठी दवाखाने, मुलांच्या शिष्यवृत्त्या यांचा आधार हाच उपकर होता. २०१७ मध्ये वस्तू व सेवा कर लागू होताना तो रद्द झाला. योजना उरल्या, पण त्यांचा स्वतःचा झरा आटला; आता त्या दरवर्षीच्या अर्थसंकल्पावर अवलंबून आहेत. बांधकाम कामगारांच्या १९९६ च्या कायद्यात तर उपकर जमा होतो, मात्र लाभासाठी वर्षात ९० दिवस काम केल्याचे प्रमाणपत्र लागते. रोज नाक्यावर उभे राहणाऱ्या मजुराने ते कोणाकडून आणावे? न सापडणारा मालक पैसे देताना अडला नाही, तो कागद देताना अडला. या निधीतील प्रचंड रक्कम खर्चच होत नसल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये कठोर शब्दांत नाराजी व्यक्त केली.

सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० ही २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली. नऊ जुने कायदे तिच्यात विलीन झाले. तिच्यातील एका तरतुदीचे स्वागत करावयास हवे : ॲपवरून काम देणाऱ्या कंपन्यांनी वार्षिक उलाढालीच्या एक ते दोन टक्के रक्कम, कामगारांना दिलेल्या मोबदल्याच्या पाच टक्क्यांच्या मर्यादेत, निधीसाठी द्यावयाची आहे. राजस्थानने २०२३ मध्ये प्रत्येक व्यवहारावर शुल्क आकारण्याचा कायदा केला होता, तोही याच वळणाचा. मोबाईलवर मागविलेले जेवण पोहोचविणारा तरुण आणि यार्डातला हमाल यांच्यातील साम्य कायद्याने ओळखले, असे म्हणता येईल. दुर्दैव एवढेच की, ज्या राज्याने हे तत्त्व ५० वर्षांपूर्वी शोधले, तेथील चर्चेतही ते नव्या युगाची कल्पना म्हणून मांडले जाते.

व्यवसाय कर, घरफाळा आणि महाविद्यालय

या विषयात महाविद्यालयीन प्राध्यापकवर्ग केवळ निरीक्षक नाही. वेतनपत्रकावर दरमहा २०० आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापला जाणारा व्यवसाय कर १९७५ च्या कायद्याने आला तो रोजगार हमी योजनेसाठी. वि. स. पागे यांनी सांगली जिल्ह्यातील तासगाव तालुक्यात ज्या कल्पनेचा प्रयोग केला, तिला १९७२ च्या दुष्काळात बळ मिळाले आणि १९७७ च्या अधिनियमाने तिला हक्काचे रूप दिले. नोकरदाराच्या पगारातून मजुराच्या कामाची हमी, असा तो उघड करार होता. आज बहुसंख्य वेतनधारकांना ही कपात कशासाठी सुरू झाली हे ठाऊक नसते. करार विसरला गेला, कपात राहिली.

सुरक्षिततेची उतरंड महाविद्यालयाच्या आवारातच पाहता येते. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नियुक्त झालेल्यांना जुने निवृत्तिवेतन, त्यानंतरच्यांना अंशदायी योजना; या भेदाविरुद्ध मार्च २०२३ मध्ये राज्यव्यापी संप झाला. त्याच कर्मचारीकक्षात बसणाऱ्या तासिका तत्त्वावरील अध्यापकाला यांपैकी काहीच नाही. तास झाला तर मानधन, सुटी लागली की तेही नाही. आणि कंत्राटदारामार्फत येणारी सफाई कामगार स्त्री कोणाची नोकर, हा प्रश्न विचारला तर उत्तर हमालाच्या बाबतीत १९६९ पूर्वी व्यापारी देत तेच मिळते. निवृत्तिवेतनाच्या आंदोलनाची मागणी न्याय्य होतीच; पण तिच्यात या दोघांसाठी जागा नव्हती.

उरतो तो घरकामगाराचा प्रश्न, कारण तिच्या श्रमाची पट्टी होत नाही, वजनकाटा नाही आणि मीटरही नाही. तरीही वसुलीला जागाच नाही असे नाही. महाराष्ट्रात मालमत्ता कराबरोबर शिक्षण कर आणि बिगरनिवासी मालमत्तांवर रोजगार हमी उपकर आकारण्याची कायदेशीर तरतूद १९६२ च्या उपकर अधिनियमाखाली आहेच. कोल्हापुरात ज्याला ‘घरफाळा’ म्हणतात त्या बिलावर निवासी घरांसाठी क्षेत्रफळाच्या प्रमाणात घरेलू कामगार अंशदानाचा एक लहान रकाना वाढविणे प्रशासकीयदृष्ट्या अवघड नाही. ठरावीक क्षेत्रफळाखालील घरांना सूट देता येईल. ज्यांच्या घरी कामाला बाई नाही त्यांनी का भरावे, हा आक्षेप येणार. त्याला आंबेडकरांच्या १९२८ च्या भाषणातील पहिला मुद्दा हे एक उत्तर आहे, आणि व्यवसाय कर भरणारा प्रत्येकजण रोजगार हमीच्या कामावरचा मुकादम नव्हता, हे दुसरे. खरा विरोध मात्र ज्यांच्याकडे बाई आहे त्यांच्याकडूनच होण्याचा संभव अधिक. अशी सभा कोल्हापुरात भरलीच, तर तिच्यात पहिल्या रांगेत कोण बसलेले असेल, याचा अंदाज महाविद्यालयाच्या कर्मचारीकक्षातच बांधता येतो.